म्यान

चोवीस एप्रिल मी ती तलवार पुसली.
खडूची पूड, थेंबभर तेल
आणि हान्सटोनीच्या जुन्या सदऱ्याचं फ्लॅनेल.
तलवार त्याच्या बापाची, त्याआधी आजाची.
लग्नानंतर पहिल्यांदा हातात दिली तेव्हा
सासू म्हणाली, मुठीकडून टोकाकडे पूस,
उलट पुसलंस तर बोट जाईल.
दोनदा गेलं.

एप्रिलचा शेवटचा रविवार.
पुरुष तलवारी लटकावून चौकात जायचे.
तीच ओळख, तोच मताचा कागद,
बापाच्या कमरेवरून मुलाच्या कमरेला.
आम्ही वरच्या खिडकीत,
मी, जाऊ फिलोमेना, कडेवर रेगुला.
खाली टोप्यांचं शेत,
मग एकदम हातांचं पीक.
मोजत कुणीच नसे. प्रमुख व्यासपीठावरून नजर फिरवायचा
आणि सांगायचा, कुठले जास्त.
एवढ्या गर्दीत त्याला चार हातांचा फरक कळायचा.
वर खिडक्यांकडे कधी बघितलं नाही त्यानं.

तो घरी यायचा, पट्टा सोडायचा,
सूप फुंकत म्हणायचा, दवाखाना नको म्हटलं.
मी विचारायचे, तू कुठला हात वर केलास?
"उजवाच की," म्हणायचा
आणि स्वतःच हसायचा.

नव्वद साली त्यांना पुन्हा विचारलं,
बायकांना येऊ द्यायचं का आत?
'नको'चे हात उठले
तेव्हा मी त्याचा शोधला.
सापडला.
बाही मीच शिवलेली, मनगटाशी निळा टाका,
हजारात ओळखू येईल असा.

सूप करपलं नाही त्या दिवशी.
रोजच्यासारखं वाढलं.
फक्त तलवार होती तिथंच राहू दिली,
ओली, बाकावर.
तीन आठवड्यांत मुठीखाली तांबूस ठिपका धरला.
तो काही बोलला नाही.
फ्लॅनेल कुठे असतं, त्याला ठाऊक नव्हतं.

नोव्हेंबरात लोझानहून न्यायाधीशांचा निकाल आला.
चीजवाला म्हणाला,
एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत, वाल्बुर्गाबाई.
मी म्हटलं, म्यान उसवतं तेव्हा शिवतं कोण?
हे मनात म्हटलं.
दुकानात म्हटलं, अर्धा किलो, जुनं द्या.

मग आमचा पहिला एप्रिल.
आम्हाला तलवार नाही, पिवळं कार्ड.
दोराच्या आत शिरताना पहारेकऱ्यानं
दोन्ही बाजूंनी उलटून पाहिलं,
जणू मागे नवऱ्याची सही असेल.

मला वाटलं होतं, काहीतरी मोठं विचारतील.
निघाला सांडपाण्याचा नळ.
वरच्या वस्तीसाठी कर्ज काढावं की नाही.
माझं माहेर त्या वस्तीवर.
आईच्या बादलीची कडी
अजून माझ्या तळहातात आहे.
हान्सटोनी शेजारी उभा. तीच बाही.
पुटपुटला, "नको म्हणायचंय आपल्याला."

आपल्याला.

दुधाची कॅन उचलते मी,
अडलेलं वासरू ओढून काढते,
पण कोपरापासून वर नुसता रिकामा हात न्यायला
इतका वेळ लागला
की व्यासपीठावरची नजर
माझ्यावरून पुढे गेली
आणि परत आली.

कर्ज नामंजूर झालं. थोडक्यात.
नळ आला, त्याला आणखी सहा वर्षं लागली.

घरी सूप नव्हतं. उभ्या उभ्याच पाव खाल्ला.
मग तो एकेक खण उघडत बसला,
शेवटी हातरुमाल घेतला
आणि गंजाचा ठिपका घासू लागला,
टोकाकडून मुठीकडे.

मी सांगितलं त्याला, उलट पुसू नये.
जरा उशिरा सांगितलं.